कोर्टाच्या वऱ्हांड्यातला बंब

मित्रांनो, हल्ली शहरात बटण दाबलं की नळाला ऊन पाणी येतं, म्हणून माझ्यासारख्याला आपली ओळख करून द्यावी लागते. मी आंघोळीचं पाणी तापवणारा तांब्याचा बंब आहे. वय झालंय. पोटावर दोन ठिकाणी पोचे आहेत आणि माझी तोटी मूळची नाही. पण माझ्यासारख्या इतर बंबांच्या वाट्याला न आलेली एक गोष्ट माझ्या वाट्याला आली. मी काही वर्षं कोर्टात होतो. आरोपी म्हणून नव्हे आणि साक्षीदार म्हणूनही नव्हे. मी मुद्देमाल होतो.

माझा जन्म साताऱ्यात एका तांबटाच्या दुकानात झाला. त्यानं तांब्याचा पत्रा वाकवला, सांधला आणि दिवसभर ठोकून ठोकून त्याला गोलाई दिली. माझ्या पोटातून एक नळकांडं आरपार गेलेलं आहे. त्यात खालून जाळ घालतात, धूर वरच्या तोंडातून निघून जातो आणि भोवतीचं पाणी तापतं. तांबटानं मला चिंचेनं घासून दुकानाच्या दारात ठेवलं, तेव्हा रस्त्यानं जाणारी माणसं माझ्यात आपला चेहरा बघून जात.

उंब्रजचे नाथाजी आले ते थेट माझ्यापुढेच उभे राहिले. पलटणीतून हवालदार म्हणून निवृत्त झालेला ताठ माणूस. घरचं उसाचं रान, आणि एकुलती एक लेक, संयोगिता. तिच्या लग्नात आंदण म्हणून द्यायला त्यांना बंब हवा होता. त्यांनी बोटाच्या पेरानं मला वाजवून पाहिलं आणि म्हणाले, "हा जाईल माझ्या पोरीबरोबर. थंडीत तिला ऊन पाण्याची लय सवय हाय."

अशा रीतीनं मी विट्याला आलो. ते एकोणीसशे एक्क्याण्णव साल असावं. संयोगिताचा नवरा वीरधवल सोन्याच्या गलाईचा कामगार होता. विट्याकडची पुष्कळ माणसं हिंदुस्थानभर जाऊन जुनं सोनं गाळून शुद्ध करण्याची दुकानं चालवतात. वीरधवल दूर सेलमला आपल्या चुलत्याच्या दुकानात होता. वर्षातून दोनदा घरी यायचा. एरवी घरात तीनच बायका. सासू रंगुबाई, नणंद शालन आणि संयोगिता.

मित्रांनो, बंबाची जागा न्हाणीघरात असते, आणि न्हाणीघर ही घरातली अशी जागा आहे की जिथे सुनेला थोडा वेळ एकटं बसता येतं. संयोगिता पहाटे उठून माझ्यापुढे बसायची. कणसांची बुरकुंडं, उसाची चिपाडं, लाकडाच्या ढलप्या एकेक करून आत सारायची. सुरुवातीला ती गुणगुणायची. पुढे गुणगुणणं बंद झालं. डोळे पुसत उठली आणि कुणी विचारलं, तर ती सांगायची, "धूर गेला डोळ्यात." माझा जाळ तेव्हा लख्ख पेटलेला असायचा. धूर नसायचाच.

कारण असं होतं, की वीरधवलला स्वतःचं दुकान काढायचं होतं, आणि त्यासाठी नाथाजींनी रान विकून मदत करावी, असं रंगुबाईंच्या मनानं घेतलं होतं. उठता बसता तोच विषय. भाकरी वाढताना तोच, कपडे वाळत घालताना तोच. वीरधवल सुट्टीला आला की रंगुबाई त्याच्या कानाशी लागायच्या आणि त्याचा हात उठायचा. एकदा मी संयोगिताच्या गालावर चार बोटं उमटलेली पाहिली. ती गालावर गार पाणी मारत बसली होती. शालन तेव्हा कॉलेजात जात होती. ती आत आली, वहिनीच्या हातून तांब्या घेतला आणि स्वतः पाणी मारत राहिली. त्या घरात तेवढाच एक हात मायेचा होता.

आता पुढचं सांगायला मला जड जातं. पण सांगितलं पाहिजे.

दिवाळीची पहिली आंघोळ होती. बाहेर अजून अंधार होता. मी तापून इतका फुललो होतो की माझ्या वरच्या तोंडाची कड लाल दिसत होती. संयोगिता तेलाची वाटी घेऊन उभी होती. वीरधवल पाटावर बसता बसता म्हणाला, "रातीच तुझ्या आबांला फोन लावायचा म्हणलो हुतो. लावलास?"

"न्हाई."

"का?"

"आबांनी रान इकावं आन तुमी दुकान काढावं, हे माझ्या तोंडानं मी सांगायची न्हाई. आवं, तुमाला हात हायती, कला हाय. आज न्हाई तर उद्या निघंल दुकान."

दारातून रंगुबाई म्हणाल्या, "बघ, उलट बोलती. सणाच्या दिवशी."

वीरधवल उठला आणि त्यानं तिला ढकललं. त्याला तिला भाजायचं होतं असं मी म्हणणार नाही. पण ढकलताना मागे काय आहे, हे त्यानं पाहिलं नाही. तिचा तोल गेला. आधारासाठी हात पुढे आला तो थेट माझ्या तापलेल्या तोंडावर. कोपरापासून मनगटापर्यंत. मला हलता येत नव्हतं. मला थंड होता येत नव्हतं. ती किंकाळी माझ्या तांब्यात अजून आहे.

वीरधवल जागच्या जागी थिजला. रंगुबाईंनी दार लोटून घेतलं, शेजारी ऐकू जाऊ नये म्हणून. शालन मात्र धावत आली. तिनं वहिनीचा हात गार पाण्याच्या घंगाळात धरला आणि धरूनच ठेवला. संयोगिता ओरडत होती आणि शालन रडत रडत म्हणत होती, "वैनी, काढू नगंस हात, काढू नगंस."

त्याच दिवशी नाथाजी आले आणि लेकीला घेऊन गेले. चार दिवसांनी पोलीस आले. पंचनामा झाला. माझ्यातलं पाणी ओतून टाकलं, राख झाडली, तोटीला दोरीनं चिठ्ठी बांधून वर लाखेचा शिक्का मारला, आणि जीपच्या मागच्या बाजूला आडवं घालून मला नेलं. गुन्हा नोंदला होता तिघांवर. पहिला वीरधवल, दुसऱ्या रंगुबाई आणि तिसरी शालन.

शालनचं नाव ऐकलं तेव्हा मला वाटलं, माझी ऐकण्यात चूक झाली.

नाथाजींनी तक्रार उंब्रजला दिली होती, म्हणून काही काळानं मी कराडच्या कोर्टात मुद्देमालाच्या खोलीत जाऊन पडलो. तिथे कोयते होते, मोडक्या सायकली होत्या, दारूचे डबे होते. प्रत्येकाच्या गळ्यात एक चिठ्ठी. गंगाधरपंत नावाचे कारकून अधूनमधून कुलूप काढून येत. ते सज्जन होते, पण शिक्का मारलेल्या वस्तूला घासायचं नसतं. माझ्यावर आधी काळा आणि मग हिरवा थर चढला. पोटात कोळ्यांनी जाळी केली. ज्याच्या अंगात कायम ऊब असायची तो मी, सलग काही वर्षं गार पडून राहिलो.

तारखा पडत होत्या. शेवटी संयोगिताची साक्ष निघाली आणि मला बाहेर काढण्यात आलं. मी मोठा, म्हणून शिपायांनी मला न्यायदालनाबाहेर वऱ्हांड्यात भिंतीशी ठेवलं. वऱ्हांड्याच्या एका टोकाला नाथाजी आणि संयोगिता. दुसऱ्या टोकाला वीरधवल, रंगुबाई आणि शालन. मध्ये मी.

बराच वेळ कुणी कुणाकडे बघत नव्हतं. मग शालन उठली आणि माझ्यापाशी आली. संयोगितालाही राहवलं नाही, तीही आली. दोघी माझ्या दोन बाजूंना उभ्या राहिल्या.

"वैनी," शालन हळूच म्हणाली, "हात दाव की."

संयोगितानं पदर सरकवला. कातडी आक्रसून चकाकत होती.

"बोटं मिटत्यात?"

"मिटत्यात. त्या दिशी तू पाण्यात धरलास, म्हणून हात ऱ्हायला, असं डागदर म्हणाले."

शालननं मान डोलावली. मग तिनं विचारलं, "मग माझं नाव का दिलंस गं?"

संयोगितानं पदर पुन्हा हातावर ओढला. मागून नाथाजींचा आवाज आला. "नाव म्या सांगितलं. घर एकच, म्हणलं सगळ्यांना लागू दे. हिला वाचून दावलं, पर ही शुद्धीवर कुठं हुती? हाताची आग आग हुत हुती हिच्या."

"मामा," शालन म्हणाली, "सांगलीला नर्सिंगला माझा नंबर लागला हुता. पोलिसांचा दाखला मागितला. अंगावर खटला हाय म्हणून जागा गेली. दुसऱ्या वर्षी बी गेली. मला कुणाचा राग न्हाई. फकस्त इचारलं."

नाथाजी पलटणीत असतानाही कुणापुढे मान खाली घालणारे नव्हते. त्या दिवशी ते माझ्या हिरव्या पडलेल्या अंगाकडे बघत राहिले.

सरकारी वकील आजारी असल्यानं तारीख पुढे गेली. परत जाताना संयोगिता आपल्या वकिलीणबाईंना, शरयूताईंना, म्हणाली, "ताई, हे सगळं मिटवायचं म्हणलं तर?"

"नांदायला जाणार आहेस?"

"न्हाई. नांदायचं न्हाई. पर ह्या वऱ्हांड्यात बी आता यायचं न्हाई. आमी सगळी इथंच म्हातारी हुनार का?"

पुढच्या तारखेपर्यंत दोन्हीकडच्या वकिलांची बोलणी झाली होती. घटस्फोट दोघांच्या संमतीनं व्हायचा, तिचं आंदण आणि दागिने परत द्यायचे, आणि फौजदारी खटला संपवायचा. मला पुन्हा वऱ्हांड्यात आणून ठेवलं होतं. सही करण्याआधी संयोगिता म्हणाली, "माझी एक अट हाय. कागदावर नगं. तोंडानं."

"काय?" वीरधवलनं विचारलं. तो वाळला होता. गलाईच्या तेजाबानं त्याच्या बोटांना चट्टे पडले होते.

"त्या सकाळी काय झालं ते ह्या सगळ्यांसमोर सांगा."

त्याचा वकील मध्ये पडायला लागला. "अहो, असं कबूल करू नका..."

वीरधवलनं त्याला हातानं थांबवलं. मग तो म्हणाला, "तिचं काय चुकलं नव्हतं. माझा हात उठला. त्याआधी बी उठला हुता. मी ढकललं, आन मागं बंब हाय हे मी बघितलं न्हाई. बघायला पायजे हुतं." मग आवाज खाली गेला. "आई, तू दार लावलंस, त्ये बी चुकलं."

रंगुबाई पदर तोंडाशी धरून भिंतीकडे वळल्या. त्यांनी माफी मागितली नाही. पण हे खोटं आहे, असंही त्या म्हणाल्या नाहीत.

मित्रांनो, तुम्हाला वाटेल, झालं, मिटलं. मलाही तसंच वाटलं होतं. मला उचलून आत नेलं. वकिलांनी न्यायाधीशांना सांगितलं की दोन्ही पक्षांत समेट झाला आहे. न्यायाधीश वयानं तरुण आणि बोलण्यात सौम्य होते. त्यांनी कागद वाचले आणि ते म्हणाले, "आनंद आहे. पण सासरच्या छळाच्या या कलमाखाली मला तडजोड मान्य करता येत नाही. हा खटला आता नवरा-बायकोचा राहिलेला नाही, सरकारचा आहे. तो मला चालवावाच लागेल."

वीरधवलचे वकील संयोगिताजवळ येऊन कुजबुजले, "सोपं आहे, ताई. साक्षीला उभ्या राहा आणि म्हणा, पाय घसरून पडले. बाकी काही आठवत नाही म्हणा. सगळे सुटतील. सगळीकडे असंच करतात."

ती माझ्यापासून हातभर अंतरावर उभी होती. तिनं माझ्याकडे पाहिलं.

"पाय घसरला न्हाई," ती म्हणाली.

"अहो, पण तुम्हालाच मिटवायचं आहे ना?"

"मिटवायचं हाय. पर खोटं बोलून न्हाई. मी घसरून पडले म्हणलं, तर एवढी वर्षं मी खोटी ठरले. आन ह्यांनी मगाशी सगळ्यांदेखत जे सांगितलं, त्ये बी खोटं पडलं. मग आमी मिटवलं काय?"

वकिलांनी फाइल बंद केली. मागे नाथाजी उभे होते. ते एवढंच म्हणाले, "बरोबर बोलली पोर."

तेव्हा शरयूताई पुढे आल्या. त्यांनी समजावून सांगितलं की खालच्या कोर्टाला जे करता येत नाही, ते मुंबईच्या उच्च न्यायालयाला करता येतं. न्यायासाठी गरज आहे असं वाटलं, तर ते खटलाच रद्द करू शकतं. "पण करतीलच असं नाही," त्या म्हणाल्या. "काही न्यायमूर्ती करतात, काही करत नाहीत. नाही म्हणाले, तर परत इथेच यायचं आणि जे घडलं ते खरं सांगायचं. तयारी आहे?"

"हाय," संयोगिता म्हणाली. वीरधवलनंही मान हलवली. खरं सांगितलं गेलं तर शिक्षा त्यालाच होणार होती. तरी त्यानं मान हलवली, हे मी विसरलेलो नाही.

मी पुन्हा अंधाऱ्या खोलीत गेलो. बाहेर काय चाललंय, हे मला कळत नव्हतं. पावसाळा आला, गेला. आणि एक दिवस कुलूप निघालं. गंगाधरपंतांच्या मागे संयोगिता होती आणि तिच्याबरोबर शालन.

गंगाधरपंतांनी कात्रीनं माझी चिठ्ठी कापली. "बाई, मुंबईला काय झालं ते सांगा तरी," ते म्हणाले. "हुकूम वाचला मी, पण हुकमात माणसं दिसत नाहीत."

संयोगिता सांगू लागली. दोन्ही घरची माणसं एकाच एस्टीनं मुंबईला गेली होती. कोर्टाचं छत इतकं उंच की बोललेलं वरच विरून जाईल असं वाटे. न्यायमूर्तींनी वकिलांना थांबवलं आणि तिलाच मराठीत विचारलं, "कुणी दबाव आणला आहे का?"

"न्हाई."

"यांना तुम्ही माफ केलं आहे का?"

"तेवढं मला इचारू नगा साहेब," ती म्हणाली होती. "माफ करणं येगळं, आन मिटवणं येगळं. ह्यांनी केलेलं ह्यांनी कबूल केलंय. मला माझं आयुष्य पायजे. ह्या पोरीला तिचं पायजे. हिचा काय गुन्हा न्हाई, हे मी आज शपथेवर सांगते. आता हा खटला चालवून कुणाला काय मिळणार हाय?"

शालन म्हणाली, "पंत, जज्जसाहेबांनी चष्मा काढला आन ठेवला. मग म्हणाले, खटला रद्द."

"तक्रार खोटी हुती असं कुठं लिवलं न्हाई," संयोगितानं भर घातली. "म्या शरयूताईंना तीनतीनदा इचारून घेतलं. फकस्त संपला, एवढंच हाय."

गंगाधरपंतांनी कापलेली चिठ्ठी बाजूला ठेवली. मग त्यांनी विचारलं, "हा बंब तुमच्या ताब्यात द्यायचा हुकूम आहे. पण तुम्हाला तो डोळ्यांपुढे हवाय का? नाहीतर मोडीत घालता येईल."

मोड म्हणजे मला वितळवणं. मित्रांनो, मी तेव्हा घाबरलो, हे कबूल करतो.

संयोगितानं आपला भाजलेला हात माझ्यावर ठेवला. मी गार होतो. तिनं हात तसाच ठेवला आणि म्हणाली, "ह्यानं काय केलंय? ह्याला कुणी इचारलं का, कुणाला भाजायचं म्हणून? आबांनी दिलाय. घेऊन जाते."

दोघींनी मिळून मला टेम्पोत चढवलं. शालन त्याच आठवड्यात सांगलीला नर्सिंग शिकायला गेली. वीरधवल सेलमला परतला. पुढे त्यानं स्वतःचं दुकान काढलं, असं कानावर आलं. कुणाचंही रान न विकता. संयोगितानं उंब्रजला मुलींच्या वसतिगृहात काम धरलं. आसपासच्या खेड्यांतून शिकायला आलेल्या मुलींचं जेवणखाण, दुखणंखुपणं सगळं तीच बघते. मला तिनं तिथल्या मागच्या पडवीत उभं केलं, चिंच आणि मीठ लावून चार दिवस घासलं, कल्हई करून घेतली, गळकी तोटी बदलली. मग माझ्याभोवती गुडघाभर उंचीचा विटांचा कट्टा बांधून घेतला. तोटीचं तोंड तेवढं बाहेर, कट्ट्याच्या आत कुणी जायचं नाही, असा नियम केला. पहिला जाळ तिनं स्वतःच्या हातानं घातला. भाजलेला हात तिनं मागे घेतला नाही.

परवा एका लहान मुलीनं बादली भरता भरता विचारलं, "ताई, तुमच्या हाताला काय झालं?"

मी कान टवकारले. ताई काय सांगणार? घसरले म्हणणार?

"एका माणसानं रागात ढकललं," संयोगिता म्हणाली. "बंबावर पडले."

"मग पोलिसांनी पकडलं त्याला?"

"व्हय. खटला झाला. मग त्येनं समद्यांपुढं खरं सांगितलं, आन आमी खटला मिटवला."

"मग तुम्ही परत घरी का नाही गेलात?"

संयोगिता हसली. "खटला मिटला, बाळ. हाताचा डाग कुठं मिटलाय अजून? चल, पाणी गार हुतंय."

मित्रांनो, तुमच्या घरात तांब्यापितळेचं भांडं असेल तर त्याला अधूनमधून चिंच लावा, कल्हई करा, आम्ही पिढ्यान्‌पिढ्या साथ देऊ. पण त्याहून एक मोठी विनंती आहे. पुढे तुमचीही घरं होतील. तुम्हालाही राग येईल. राग आला तर दार उघडून अंगणात जा, पण माणसावर हात उचलू नका. घरात कुणी मार खात असेल तर दार लावून घेऊ नका. धावत जा आणि त्याचा हात गार पाण्यात धरा. आणि कधी भांडण मिटवायची वेळ आली, तर आधी जे घडलं ते मोठ्यानं म्हणा. खऱ्यावर पांघरूण घालून मिटवलेलं भांडण राखेखालच्या विस्तवासारखं असतं. ते वरून विझलेलं दिसतं, पण हात लावला की भाजतं. मी बंब आहे, राखेखाली विस्तव किती वेळ जगतो, ते मला ठाऊक आहे.